बडोद्यात शॉर्ट फिल्मसाठी कॅमेरा-लाईट भाड्याने: रावपुऱ्यातल्या काकांच्या दुकानाचा तीन दिवसांचा अनुभव

बडोद्यात कुणी छोटी फिल्म, डॉक्युमेंटरी, नाटकाचं रेकॉर्डिंग असं काही करत असेल आणि कॅमेरा, लाईट, साऊंडचं सामान भाड्याने पायजे असेल तर हे वाचा, जरा मोठं झालंय पण मला सगळं नीट सांगायचंय. जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात आम्ही दांडिया बाजारातल्या एका जुन्या वाड्यात तीन दिवस शूटिंग केलं, १७ मिनिटांची मराठी फिल्म आहे, आणि सगळं सामान रावपुऱ्यातल्या काकांच्या दुकानातून घेतलं. दुकानाच्या पाटीवर अजून जुन्या फोटो स्टुडिओचंच नाव आहे, स्टुडिओ कधीच बंद झाला पण पाटी तशीच राहिली, आणि त्या नावाने दुकान कुणी ओळखत पण नाही, नाटकवाले लग्नवाले सगळे नुसतं "काकांकडून आणलं" म्हणतात. मी पण तेच म्हणणार.

मी या फिल्मची प्रॉडक्शनची बाजू सांभाळली, म्हणजे पैसे, परवानग्या, रिक्षा-टेम्पो, जेवण, कोण कधी येणार आणि कोणाला किती वाजता सोडायचं. दिग्दर्शन माझ्या मैत्रिणीचं, कॅमेरा चालवायचं काम तिच्या भावाचं, साऊंडला युनिव्हर्सिटीत परफॉर्मिंग आर्ट्सला तबला शिकणारा एक मुलगा, आणि मुख्य काम माझ्या आत्याने केलंय जिने याआधी फक्त गणेशोत्सवातल्या नाटकांत काम केलं होतं. सगळे नोकरी नाहीतर कॉलेज करणारे, म्हणून तीनच दिवस, चौथा दिवस मिळणारच नव्हता. आणि मला धास्ती होती ती वेगळीच. दोन वर्षांपूर्वी पहिल्या फिल्मच्या वेळी दुसऱ्या एका ठिकाणाहून सामान मागवलं होतं, नाव लिहीत नाही, बॅटरी ऐंशी टक्के दाखवायची आणि दहा मिनिटांत बंद पडायची, फोन केला तर "आम्ही चार्ज करून दिली होती" एवढंच उत्तर. सहा माणसं सुट्ट्या टाकून आलेली नुसती बसून राहिली आणि संध्याकाळी घाईघाईत जे शूट केलं ते बघताना मला आजही त्रास होतो. म्हणून या वेळी मी पंधरा दिवस आधीच काकांकडे जाऊन बसले.

हातात आमची यादी होती, कॅमेरा, लेन्स, छोटी जिब (कॅमेरा वर-खाली फिरवायचा लांब दांडा), ड्रोन, दोन हजार वॅटचा मोठा लाईट, वायरलेस माईक. काकांनी यादी बघितली पण नाही, बाजूला ठेवली आणि म्हणाले, "सामानाचं नंतर बघू, आधी गोष्ट काय आहे ते सांग." मला वाटलं वेळ घालवायला विचारतायत. तर नाही हो, पाऊण तास बसून त्यांनी सगळी स्क्रिप्ट ऐकली आणि मधे मधे प्रश्न, रात्रीचे सीन किती, वाड्याच्या खिडक्या कुठल्या दिशेला, चौकात ऊन किती वाजता येतं, मीटर कुठे आहे, स्वयंपाकघरात फ्रीज आहे का, आजीचं काम करणाऱ्या बाईंना सलग किती वेळ उभं राहता येईल. हा शेवटचा प्रश्न आमच्यातल्या कुणाच्याच डोक्यात आला नव्हता. मग त्यांनी पेन घेतलं आणि जिब खोडली, ड्रोन खोडला, म्हणाले "गोष्ट एका म्हातारीच्या घरातली आहे, आकाशातून बघून काय करणार, आणि ते पैसे माणसांवर घाल." यादीतून साधारण आठ हजारांचं सामान त्यांनी स्वतःच काढलं. भाड्याचा धंदा करणारा माणूस आपलंच भाडं कमी करतोय हे मी पहिल्यांदा बघितलं.

त्या पैशात काय घ्यायला लावलं तर एक लाईटदादा. म्हणजे कॅमेऱ्याबरोबर एक अटेंडंट येतोच, सगळीकडे येतो, सामानावर लक्ष ठेवायला. पण लाईटला आम्ही माणूस धरलाच नव्हता, आमचीच पोरं स्टँड उचलतील असं ठरवलं होतं. काका म्हणाले, "लाईट तुझी पोरं उचलतील गं, पण कुठे ठेवायचा नाही ते कोण सांगणार?" हे दादा गुजराती आहेत, पन्नाशीचे, मराठी सगळं समजतं पण बोलतात गुजरातीत, प्रत्येक गोष्टीला "थई जशे बेन", म्हणजे होऊन जाईल ताई. आणि खरंच होतं.

शूटिंगच्या दोन दिवस आधी ते वाडा बघायला आले, त्याचे पैसे घेतले नाहीत, फक्त पेट्रोलचे दिले. आम्ही सगळे त्यांना चौक दाखवायला, झोपाळा दाखवायला उत्सुक आणि हे आधी गेले जिन्याखाली मीटरकडे. खिशातून टॉर्च काढली, फ्यूजचं किटकॅट (तार बसवलेला चिनी मातीचा तुकडा) ओढून बाहेर काढलं, तार बोटावर घेऊन बघितली, मग प्लगपासून वर छतापर्यंत वायर कुठून जाते ती बघितली, एका ठिकाणी कापड गुंडाळलेली जुनी वायर होती तिला हात न लावता नुसतं बोट दाखवलं. मग मला समजावलं की दोन हजार वॅटचा लाईट २३० व्होल्टवर जवळजवळ ९ अँपिअर ओढतो आणि ही लाईन ५ अँपिअरची आहे, फ्यूज उडला तर नशीब, नाही उडला तर वायर तापेल आणि वर सगळं लाकूड आहे. आमच्या कॅमेरावाल्याला तो मोठा लाईट पायजेच होता, खिडकीतून ऊन आत येतंय असं दाखवायला, त्याने नाराजी पण दाखवली. दादा काही बोलले नाहीत, चौकात गेले, वर बघितलं, घड्याळ बघितलं आणि विचारलं, घरात मोठा आरसा आहे का?

होता ना, कपाटाच्या दाराचा.

तर पहिल्या दिवशी अकरा वाजता काय झालं ते सांगते. कपाटाचं दार बिजागरीतून काढून चौकात दोन विटांवर तिरकं उभं केलं, ऊन त्याच्यावर पडून खिडकीतून आत, आणि आतल्या भिंतीवर असा कवडसा उमटला की आम्ही सगळे गप्प झालो. थेट चेहऱ्यावर घ्यायचा नाही म्हणून दादांनी मधे पांढरं कापड ताणलं, ज्याला ते स्किमर म्हणतात, आणि आत्याच्या दुसऱ्या बाजूला थर्माकोलचा एक तुकडा धरला, बस. आता सूर्य दर चार मिनिटांनी साधारण एक अंश सरकतो, त्यामुळे कवडसा सरकत सरकत आत्याच्या खांद्यावरून निघून जायचा, म्हणून माझ्या भाच्याला, वय वर्षं अकरा, आरशापाशी बसवलं. दादांनी खडूने आतल्या भिंतीवर एक खूण केली होती आणि आत उभ्या असलेल्या माणसाने हात वर केला की भाच्याने आरसा नखभर फिरवायचा, जास्त नाही. त्या पोराने तीन तास ते काम केलं, तहान लागली तर पाणी पण तिथेच बसून प्यायला. फिल्ममध्ये तो सीन बघताना लोक आत्याच्या चेहऱ्याबद्दल बोलतात आणि बोलायलाच पायजे, पण तो चेहरा तसा दिसतोय त्याच्यामागे एक सुतारकामाचं दार, एक दादा आणि एक सहावीतला मुलगा आहे.

कॅमेऱ्याबद्दल लिहिते, कारण बऱ्याच जणांना तेच पायजे असेल. सोनी एफएक्स३ होता आणि २४, ३५, ५०, ८५ मिलीमीटर अशा चार लेन्स, सगळ्या स्वच्छ, कुठे बुरशी नाही, कॅप जागेवर, बॅटऱ्यांवर काकांच्या हाताने नंबर लिहिलेले आणि कोणती कधी घेतली त्याची वही. अटेंडंट म्हणून आलेला मुलगा जेमतेम चोवीस-पंचवीसचा. त्याचं काम खरं तर सामान सांभाळणं एवढंच, पण पहिल्याच शॉटला त्याने मोजपट्टी काढली. कॅमेऱ्याच्या अंगावर एक छोटी खूण असते, गोल आणि त्याच्यातून गेलेली रेघ, सेन्सर नेमका तिथे असतो, तिथून पट्टी लावून त्याने आत्याच्या डोळ्यापर्यंतचं अंतर घेतलं, मग ती चालत झोपाळ्यापाशी येणार तिथपर्यंतचं, जमिनीवर चिकटपट्टीचे तीन तुकडे लावले आणि लेन्सच्या रिंगवर पेन्सिलने तीन खुणा. शॉट चालू असताना तो स्क्रीनकडे बघतच नव्हता, आत्याच्या पावलांकडे बघत होता. मी विचारलं तर म्हणाला, "ताई, स्क्रीनवर फोकस गेलेला दिसला म्हणजे उशीर झालेला असतो." आत्या दर वेळी वेगळ्या ठिकाणी थांबायची, तिला खाली बघायची सवय नाही, मग त्यानेच सुचवलं की पट्टीऐवजी तिथे एक सपाट पाट ठेवा, पायाला लागला की थांबायचं. तेव्हापासून एकही शॉट फोकससाठी परत घ्यावा लागला नाही.

त्यानेच अजून एक वाचवलं. आम्ही कुठेतरी वाचून सेकंदाला २४ फ्रेम ठरवले होते, सिनेमासारखं दिसतं म्हणून. वाड्याच्या माजघरात जुनी ट्यूबलाईट आहे आणि ती फ्रेममध्येच पायजे होती. तो म्हणाला २५ फ्रेम ठेवा आणि शटर १/५० सेकंद, आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची आहे, त्याच्याशी जुळलं नाही तर ट्यूब लपलपताना दिसेल आणि नंतर एडिटिंगमध्ये ते काढता काढता नाकी नऊ येतील. पाच मिनिटांचा विषय, पण शूटिंग संपल्यावर कळलं असतं तर अख्खं माजघर वाया गेलं असतं.

आता साऊंड. इथे दुकानाची बाजू थोडी कमी आहे, वायरलेस कॉलर माईक जुने झालेत, एकात सारखी खरखर येत होती, दुसऱ्याची क्लिप तुटकी. काकांनी आधीच सांगितलं होतं की जमेल तिथे बूम (लांब दांड्यावरचा माईक) वापरा आणि कॉलर माईक फक्त आधाराला ठेवा, तेच खरं ठरलं. बूम आणि रेकॉर्डर उत्तम होते, ४८ किलोहर्ट्झ २४ बिटवर सगळं रेकॉर्ड केलं, कॅमेऱ्यातला आवाज फक्त क्लॅपशी जुळवायला. आमचा तबलावाला मुलगा पहिल्यांदाच बूम धरत होता, पण कान इतका तयार की दोन खोल्या पलीकडे फ्रीज सुरू झालेला त्याला हेडफोनमध्ये लगेच कळायचा. फ्रीज बंद केला की परत चालू करायचं सगळे विसरतात आणि रात्री घरमालकीणबाईंचं दूध नासतं, तर लाईटदादांनी माझ्याकडून माझ्या स्कूटीची चावी मागितली आणि फ्रीजमध्ये ठेवून दिली. चावी घेतल्याशिवाय मी घरी जाणार नाही, म्हणजे फ्रीज उघडणारच, म्हणजे आठवणारच. तीनही दिवस चावी लोण्याच्या डब्याशेजारी होती आणि दूध एकदाही नासलं नाही. आणि प्रत्येक खोलीतलं काम संपलं की सगळ्यांनी एक मिनिट पुतळ्यासारखं उभं राहायचं आणि त्या खोलीची नुसती शांतता रेकॉर्ड करायची, रूम टोन म्हणतात त्याला, दोन वाक्यांच्या मधे ती नसली तर ऐकताना खड्डे पडल्यासारखं वाटतं. बावीस माणसं एक मिनिट श्वास धरून उभी आहेत, कुणाच्या हातात परात, कुणाच्या खांद्यावर स्टँड, ते मिनिट मला फार आवडायचं, दिवसभरात तेव्हाच सगळे एकमेकांकडे नीट बघायचे.

पण जानेवारीत बडोद्यात शांतता कुठून आणणार. उत्तरायण, म्हणजे संक्रांतीचा पतंगांचा सण, आठ दिवसांवर आलेलं, आजूबाजूच्या सगळ्या गच्च्यांवर पोरं शाळा सुटल्यापासून अंधार पडेपर्यंत, एकाची कटली की वीस घशांतून "काइपो छे" (कापला रे) आणि वर पिपाण्या. दुसऱ्या दिवशी दुपारी आत्याचा सगळ्यात महत्त्वाचा संवाद होता, घर विकायच्या कागदावर सही करायच्या आधीचा, आणि चार वेळा तो ओरड्याने कापला गेला. चौथ्या वेळी आत्याच्या डोळ्यांत खरं पाणी आलं होतं आणि ते असं वाया गेलं, मैत्रीण अगदी रडकुंडीला आली. कुणीतरी म्हणालं पोलिसांना सांगू, कुणी म्हणालं डबिंग करून टाकू. लाईटदादा काही न बोलता गच्चीवर गेले. अर्ध्या तासाने खाली आले आणि बरोबर शेजारच्या गच्चीवरचा सगळ्यात दांडगा मुलगा. ठरलं असं की आमच्या गच्चीवरच्या तारेवर लाल टॉवेल दिसला की कुणी ओरडायचं नाही, टॉवेल निघाला की पायजे तेवढं, आणि टॉवेलचा कारभार त्या मुलाकडे. बदल्यात दादांनी त्यांना स्वतःच्या पैशाने पाच फिरक्या मांजा कबूल केला होता, मी नंतर ते पैसे त्यांना दिले पण घ्यायला तयार नव्हते. मग एका टेकसाठी पाच गच्च्या गप्प बसल्या. पतंग उडतायत, कटतायत, आणि पोरं तोंडावर हात दाबून नाचतायत, मी हे स्वतः वर जाऊन बघितलंय.

आणि खरी गंमत पुढे झाली. आमच्या साऊंडवाल्याने संध्याकाळी वर जाऊन त्याच पोरांचा आवाज वेगळा रेकॉर्ड केला, जवळून, लांबून, जिन्यातून, बंद दाराआडून. एडिटिंगला बसलो तेव्हा शेवटच्या शॉटवर, जिथे आत्या कुलूप लावून निघते, मैत्रिणीने व्हायोलिन ठरवलं होतं. त्याने ते काढून तिथे बंद दाराआडून येणारा पोरांचा ओरडा लावला आणि म्हणाला एकदा ऐक. ती दहा मिनिटं वाद घालत होती, मग परत ऐकलं, मग उठून बाहेर गेली. व्हायोलिन गेलं. फिल्मचा शेवट बदलला तो स्क्रिप्ट लिहिणारीने नाही, दिग्दर्शिकेने नाही, एका तबलजीने आणि पाच गच्च्यांवरच्या पोरांनी. मैत्रिणीने ते मान्य केलं याचं मला तिचं फार कौतुक आहे, कारण चार महिने ती तो शेवट डोक्यात धरून बसली होती.

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या वेळी काका स्वतः आले होते, चक्कर मारायला. सगळे पंगतीत बसलेले, माझी आई वाढत होती, तीनही दिवस बावीस माणसांचं दोन वेळचं जेवण आणि चार वेळा चहा तिने आणि शेजारच्या बेननी मिळून केलं. काका म्हणाले, दादासाहेब फाळके आपल्या कलाभवनात शिकले हे बडोद्यात सगळे अभिमानाने सांगतात, पण सरस्वतीबाईंचं नाव कोण घेतं? मला तेवढं माहीत होतं की सयाजीराव महाराजांनी १८९० मध्ये कलाभवन काढलं आणि फाळके तिथे चित्रकला, फोटोग्राफी वगैरे शिकले, पुढे गोध्र्याला फोटो स्टुडिओ टाकला. पण १९१३ साली राजा हरिश्चंद्र आला त्याच्यामागे त्यांच्या बायकोने काय काय केलं हे काकांकडून पहिल्यांदा एवढं सविस्तर ऐकलं. कच्च्या फिल्मला कडेची भोकं पाडलेली नसायची, ती रात्री अंधारात बसून यंत्राने सरस्वतीबाई पाडायच्या. फिल्म धुवायची रसायनं कालवायची ती त्यांनी, उन्हात पांढरी चादर धरून उजेड वळवायचा तो त्यांनी, आणि ६०-७० माणसांचा स्वयंपाक पण त्यांनीच. दागिने मोडायला दिले ते वेगळं. फिल्म घरातच तयार होत होती. आई भाताचं पातेलं हातात धरून ऐकत उभी होती आणि तिने विचारलं, "मग त्यांचं नाव आलं होतं का हो पडद्यावर?" काकांनी काही उत्तर दिलं नाही, तिच्याकडून भात वाढून घेतला.

आमच्या फिल्मच्या नावांच्या यादीत आईचं नाव आहे, शेजारच्या बेनचं आहे, आरशावर बसलेल्या भाच्याचं आहे, टॉवेलवाल्या पोराचं आहे. एका मित्राने सांगितलं की १७ मिनिटांच्या फिल्मला दीड मिनिट नावं जास्त होतात, फेस्टिव्हलवाले कंटाळतात. होऊ देत. त्यातलं एक नाव काढायला मला कुणी सांगितलं तर मी त्या माणसाने काय केलं ते तासभर सांगू शकते.

तिसऱ्या रात्रीचं थोडक्यात. चौकात फक्त कंदील आणि तुळशीपाशी दिवा असा सीन होता, कॅमेरावाला आयएसओ (कॅमेरा उजेडाला किती संवेदनशील ठेवायचा तो आकडा) ६४०० वर ठेवून होता आणि काळ्या भागात दाणे दिसत होते. अटेंडंट मुलाने हळूच सांगितलं की या कॅमेऱ्याच्या लॉग मोडमध्ये (रंग नंतर एडिटिंगमध्ये ठरवायचे असतात तो मोड) ८०० आणि १२,८०० असे दोन मूळ आयएसओ आहेत, त्यांच्यावर चित्र सगळ्यात साफ येतं, म्हणून ६४०० पेक्षा १२,८०० जास्त स्वच्छ येतं. ऐकायला उलटं वाटतं पण करून बघितलं आणि खरंच साफ आलं. मला आवडलं ते त्याने कसं सांगितलं. सगळ्यांसमोर नाही, कॅमेरावाल्याच्या कानात, आणि सांगून दोन पावलं मागे झाला. सेटवर ही रीत फार लागते, दुसऱ्याच्या कामात बोलायचं असेल तर त्याचा मान ठेवून बोलायचं, आणि काकांच्या माणसांना ती कुणीतरी शिकवलेली आहे हे जाणवतं.

डेटाचं पण त्यांचं कडक आहे. कार्ड भरलं की त्याच्यावर लाल चिकटपट्टी, दोन वेगळ्या डिस्कवर कॉपी झाली आणि दोन्ही उघडून बघितल्या की मग हिरवी, आणि हिरवी असल्याशिवाय तो मुलगा कार्ड कॅमेऱ्यात परत घालूच देत नाही, भले दिग्दर्शक ओरडू दे. आमच्यावर एकदा अशी वेळ आली, उजेड चाललेला आणि कॉपी व्हायला सात मिनिटं बाकी, मैत्रीण म्हणाली पुसून टाक सकाळचं आहेच एका डिस्कवर. तो "नाही ताई" एवढंच म्हणाला. सात मिनिटं थांबलो. उजेड थोडा गेला, पण शॉट मिळाला.

आता पैशाचं. कॅमेरा, चार लेन्स, ट्रायपॉड, लाईट, बूम, रेकॉर्डर आणि दोन माणसं धरून तीन दिवसांचे आमचे ३८ हजार ५०० झाले, माणसांचं जाणं-येणं आणि जेवण आपल्याकडे. बारा तासांची शिफ्ट, त्याच्यावर गेलात तर माणसांचे अर्ध्या शिफ्टचे पैसे जास्त, तिथे काका एक रुपया सोडत नाहीत आणि सोडू पण नयेत, रात्री एक वाजता केबल गुंडाळून सकाळी सातला परत उभं राहणं सोपं नाहीये. सामानाच्या भाड्यात मात्र थोडंफार कमी करतात, विद्यार्थी असाल तर नक्की विचारा.

तक्रारी पण आहेत. डिपॉझिट म्हणून ओरिजिनल ओळखपत्र ठेवून घेतात, ते मला अजिबात पटलं नाही, मी तोंडावर सांगितलं, शेवटी झेरॉक्स आणि दहा हजार रोख यावर तयार झाले. बिल अजून कार्बनवाल्या पुस्तकात, मेलवर पायजे असेल तर मागे लागावं लागतं. कॉलर माईकचं वर लिहिलंच आहे, ते त्यांनी बदलायलाच पायजेत, बाकी सगळं एवढं चांगलं ठेवणाऱ्या दुकानात ते शोभत नाहीत. एका स्टँडचा स्क्रू घसरत होता, दादांनी वाळूची पिशवी टाकून सांभाळला पण आधीच बघायला पायजे होता. आणि रावपुऱ्यात टेम्पो उभा करायला जागा नाही, सकाळी आठच्या आत सामान उचला नाहीतर गल्लीच्या तोंडापासून डोक्यावर वाहून न्यावं लागतं.

सामान परत करताना आमच्याकडून एक एनडी फिल्टर (उजेड कमी करायला लेन्सपुढे लावायची काच) तडकला होता, मी स्वतःच सांगितलं. काकांनी उजेडाकडे धरून बघितला, किंमत सांगितली आणि निम्मी घेतली, म्हणाले निम्मा जुना होताच. मग वही उघडून एकेक केबल मोजून घेतली, प्रत्येक केबल दादांनी सारख्याच वेटोळ्यात गुंडाळलेली, एकीला पण गाठ नाही.

बुकिंगचं एवढं लक्षात ठेवा की नवरात्रात इथे काही मिळणार नाही, गरब्याचे व्हिडिओवाले दोन-दोन महिने आधी सगळं उचलतात, आणि लग्नसराईत माणसं मिळत नाहीत. आधी फोन करा, आणि कॅमेरा आहे का हे विचारायच्या आधी लाईटदादा कधी मोकळे आहेत ते विचारा. आमची पुढची फिल्म पावसाळ्यात करायची म्हणतोय, स्क्रिप्ट अजून अर्धीच झालीये, पण दादांच्या तारखा मी वहीत लिहून घेऊन आलेय.